देवाचे वेड आणि घराचे दुःख

ग्रीक पुराणकथांत वेड हे देवतांचे शस्त्र आहे. सावत्र आई हेरा कोपली आणि तिने हेराक्लीसची बुद्धी भ्रष्ट केली. त्या भरात त्याने स्वतःच्याच मुलांना मारले. डायोनिसस देवाच्या उन्मादात अगावेने पुत्र पेंथिअसला श्वापद समजून फाडले. शुद्धीवर येताच हातातील मस्तक पोटच्या मुलाचे असल्याचे तिला कळले. नाटककार युरिपिडीसने या दोन्ही कथा सांगितल्या. दोन्हींत देव अपमानाचा सूड घेतो आणि घर उद्ध्वस्त होते.

महाराष्ट्रातील एका घराचा इतिहास या संदर्भात आम्हांला आठवतो. लक्ष्मीबाई टिळकांनी 'स्मृतिचित्रे'त माहेरची हकीकत लिहिली आहे. 1857 च्या उठावानंतर त्यांच्या आईच्या वडिलांना फाशी झाली. त्या आघाताने लक्ष्मीबाईंच्या वडिलांना सोवळ्याचे वेड लागले. मीठसाखरसुद्धा धुतल्यावाचून त्यांना चालेना. धर्माच्या नावाने चाललेल्या या शुद्धीपायी बायकामुलांचे हाल झाले. हे वेड कोणा देवतेने धाडले नव्हते. ते भयातून आणि शोकातून उपजले होते.

सासरी वेगळेच वादळ आले. पती नारायण वामन टिळक यांनी 10 फेब्रुवारी 1895 रोजी मुंबईत बाप्तिस्मा घेतला. आप्तांच्या दृष्टीने हा अनर्थच होता. लहानग्या दत्तूला घेऊन लक्ष्मीबाई काही वर्षे पतीपासून दूर राहिल्या. पुढे त्या पतीकडे परतल्या आणि 1900 साली स्वतःच्या मनाच्या कौलाने त्यांनीही बाप्तिस्मा घेतला. 1919 साली टिळक निवर्तले तेव्हा अपुरे राहिलेले 'ख्रिस्तायन' लक्ष्मीबाईंनी पुढे नेले. देवाच्या ओढीने त्या घराने दुःख भोगले खरे, पण शेवटी त्याच ओढीने ते पुन्हा जुळले.

मार्कच्या शुभवर्तमानाच्या पाचव्या अध्यायात थडग्यांत राहणारा, स्वतःला दगडांनी ठेचून घेणारा एक माणूस भेटतो. भानावर आल्यावर तो येशूबरोबर राहण्याची विनंती करतो. येशू मात्र त्याला घरी, त्याच्या माणसांकडे पाठवतो. ग्रीक देव माणसाला वेड लावून त्याचे घर मोडतात; आपला प्रभू त्याला बरे करून त्याचे घर त्याला परत देतो.

मालाडच्या ऑर्लेमपासून मढपर्यंतच्या आपल्या घरांत कोणाचे मन आजारी झाले, तर त्याला शाप किंवा देवाची शिक्षा मानून दाराआड लपवणे हा त्या जुन्या पुराणांचाच धर्म ठरेल. वैद्यकीय उपचार, प्रार्थना आणि जेवणाच्या पंगतीत त्याची राखून ठेवलेली जागा, ही आपली रीत असावी.