व्यक्तिगौरवपर शास्त्रीय नावे

व्यक्तिगौरवपर शास्त्रीय नाव म्हणजे एखाद्या व्यक्तीच्या सन्मानार्थ किंवा स्मरणार्थ सजीवाच्या प्रजातीला अथवा जातीला दिलेले लॅटिन घडणीचे नाव. जीवशास्त्रीय वर्गीकरणात प्रत्येक जातीचे नाव दोन पदांचे असते. पहिले पद प्रजातीचे आणि दुसरे जातिविशेषक. यांपैकी कोणतेही पद व्यक्तिनामावरून घडवता येते. घोणस सापाच्या *डाबोया रसेलिइ* या नावात दुसरे पद व्यक्तीचे आहे, तर पळसाच्या *ब्यूटिया मोनोस्पर्मा* या नावात पहिले. अशा नावांतून संशोधक, नमुने गोळा करणारे, आश्रयदाते आणि राज्यकर्ते यांचा गौरव झालेला दिसतो. नाव एकदा नियमानुसार प्रसिद्ध झाले की ते सहसा बदलता येत नाही. त्यामुळे कोणाचे नाव द्यावे, हा प्रश्न वर्गीकरणाइतकाच इतिहासाचाही ठरतो.

नावांची घडण

स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञ कार्ल लिनेयस यांच्या १७५३ मधील ग्रंथापासून वनस्पतींची आणि १७५८ मधील ग्रंथापासून प्राण्यांची द्विनामे सामान्यतः ग्राह्य धरली जातात. ही नावे लॅटिन व्याकरणानुसार चालतात. व्यक्तिनामाला लागणारे प्रत्यय मराठीतील षष्ठीच्या 'चा, ची, चे' या प्रत्ययांचे काम करतात.

- -इ किंवा -इइ : एका पुरुषाच्या नावाला. *रानडेइ* म्हणजे 'रानडे यांचे'.
- -ए : एका स्त्रीच्या नावाला. *ड्रॅव्हिडोगेको जानकीए* ही २०१९ मध्ये वर्णन झालेली पाल वनस्पतिशास्त्रज्ञ जानकी अम्मल यांच्या नावाची आहे.
- -ओरम, -आरम : एकाहून अधिक व्यक्तींसाठी. केवळ स्त्रिया असल्यास दुसरा प्रत्यय लागतो.
- -इयाना व त्याची रूपे : नाव विशेषणासारखे वापरताना. *भिडेया बर्न्सियाना* हे गवत त्याचे उदाहरण आहे.

वनस्पतींच्या नियमसंहितेनुसार स्वरान्त नावाला सामान्यतः '-इ' आणि व्यंजनान्त नावाला '-इइ' लागतो. म्हणून रानडे व महाबळे यांची रूपे *रानडेइ* व *महाबळेइ* झाली, तर वूड्रो यांच्या नावाचे इंग्रजी लेखन व्यंजनात संपत असल्याने *वूड्रोइइ* हे रूप बनले. अकारान्त रोमन लेखनाच्या नावाला मात्र, व्यक्ती पुरुष असली तरी, '-ए' लागतो. *सेरोपेजिया रोलाए* ही कंदीलपुष्पाची जात रोला शेषगिरी राव या पुरुष वनस्पतिशास्त्रज्ञाच्या नावाची आहे. केवळ प्रत्ययावरून ती स्त्री असावी असे अनुमान काढणे चुकीचे ठरेल.

व्यक्तीचे नाव कोणताही प्रत्यय न लावताही जोडता येते. २०१९ मध्ये वर्णन झालेल्या एका उडी मारणाऱ्या कोळ्याचे *मॅरेंगो सचिनतेंडुलकर* हे नाव अशा प्रकारचे आहे.

नियम व संकेत

प्राण्यांसाठी आणि वनस्पतींसाठी स्वतंत्र आंतरराष्ट्रीय नियमसंहिता आहेत. शैवाल व कवके वनस्पतींच्या संहितेत येतात. दोन्ही संहितांचा पाया अग्रक्रमाचा नियम हा आहे. एकाच जातीला अनेक नावे दिली गेली असल्यास नियमानुसार प्रसिद्ध झालेले सर्वांत जुने नाव ग्राह्य ठरते. नाव एका प्रारूप नमुन्याशी जोडलेले असते आणि तो नमुना संग्रहालयात किंवा वनस्पतिसंग्रहात जतन केला जातो.

ज्यांच्या नावाने जात ओळखली जाते ते तिचे शोधकर्ते असतातच असे नाही. नाव देणाऱ्याचा निर्देश नावानंतर स्वतंत्रपणे होतो. जात पुढे दुसऱ्या प्रजातीत हलवली गेल्यास प्राण्यांच्या बाबतीत हा निर्देश कंसात जातो. स्वतःचेच नाव जातीला देण्यास स्पष्ट मनाई नाही, परंतु तो शिष्टसंमत प्रकार मानला जात नाही.

मूळ लेखनाचे रक्षण हाही महत्त्वाचा नियम आहे. घोणसाचे नाव ज्यांच्यावरून पडले त्या पॅट्रिक रसेल यांच्या आडनावाच्या इंग्रजी लेखनाच्या अखेरीस 'एल' हे अक्षर दोनदा येते. शॉ व नॉडर यांनी १७९७ मध्ये नाव प्रसिद्ध करताना ते एकदाच लिहिले. पुढे अनेक ग्रंथांत दोन 'एल' लिहिले गेले, तरी आज मूळचे एका 'एल'चे रूपच स्वीकारले जाते.

यवतमाळ जिल्ह्यातील उदाहरणे

यवतमाळ जिल्ह्यात पानझडी सागवनांचे मोठे क्षेत्र असून टिपेश्वर व पैनगंगा ही अभयारण्ये आहेत. या वनांतील आणि शेतशिवारांतील अनेक परिचित सजीवांच्या शास्त्रीय नावांत युरोपीय व्यक्ती दडलेल्या आहेत.

- पळस (*ब्यूटिया मोनोस्पर्मा*) : प्रजातीचे नाव बूटचे तिसरे अर्ल जॉन स्टुअर्ट यांच्यावरून. ते वनस्पतिशास्त्राचे आश्रयदाते होते आणि १७६२–६३ मध्ये ब्रिटनचे पंतप्रधान होते.
- आपटा (*बॉहिनिया रॅसिमोसा*) : जाँ व गास्पार बॉहिन या वनस्पतिशास्त्रज्ञ बंधूंवरून. पानाचे दोन जुळे भाग लिनेयस यांना या दोन भावांचे प्रतीक वाटले. दसऱ्याला सोने म्हणून वाटले जाणारे पान असे दोन भावांचे स्मारक ठरले आहे.
- सालई (*बॉस्वेलिया सेराटा*) : एडिंबरो येथील वैद्य जॉन बॉस्वेल यांच्यावरून.
- लेंडिया (*लागरस्ट्रोमिया पार्व्हिफ्लोरा*) : लिनेयस यांना नमुने मिळवून देणारे, स्वीडिश ईस्ट इंडिया कंपनीचे संचालक माग्नुस फॉन लागरस्ट्रोम यांच्यावरून.
- चारोळी (*बुकॅननिया* प्रजाती) : भारतात सर्वेक्षण करणारे शल्यचिकित्सक फ्रान्सिस बुकॅनन-हॅमिल्टन यांच्यावरून.
- शिवण (*ग्मेलिना आर्बोरिया*) : सायबेरियात संशोधन करणारे जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ योहान गेऑर्ग ग्मेलिन यांच्यावरून.
- घोणस (*डाबोया रसेलिइ*) : ईस्ट इंडिया कंपनीचे निसर्गशास्त्रज्ञ पॅट्रिक रसेल यांच्यावरून. कोरोमंडल किनाऱ्यावरील सापांविषयी त्यांचा ग्रंथ १७९६ मध्ये प्रसिद्ध झाला.
- मांडूळ (*एरिक्स जॉनिइ*) : तरंगंबाडी येथील धर्मोपदेशक क्रिस्टोफ सॅम्युएल जॉन यांच्यावरून. हे नाव १८०१ मध्ये स्वतः रसेल यांनी दिले.

या यादीत सन्मानित झालेल्यांपैकी रसेल, जॉन आणि बुकॅनन-हॅमिल्टन यांनी भारतात प्रत्यक्ष काम केले. बूट किंवा बॉहिन बंधू यांनी मात्र भारत कधी पाहिला नव्हता. ही झाडे गोंड, कोलाम, आंध आदी समाजांच्या आणि शेतकऱ्यांच्या रोजच्या वापरात होती. त्यांना स्थानिक नावेही होती. तरीही त्या ज्ञानाचा वाहक असलेली एकही व्यक्ती वरील नावांत आढळत नाही.

असे असले तरी या नावांचा व्यावहारिक उपयोग मोठा आहे. मांडुळाला दुतोंड्याही म्हणतात आणि त्याच्याविषयीच्या अंधश्रद्धांमुळे त्याची तस्करी होते. वन्यजीव संरक्षणविषयक सूच्यांत स्थानिक नावे बदलत असली तरी शास्त्रीय नावामुळे कोणता साप अभिप्रेत आहे हे निश्चित होते. घोणसाचेही तसेच आहे. नाग, मण्यार, घोणस व फुरसे यांच्या विषांवर भारतात एकत्रित प्रतिविष तयार केले जाते. सर्पदंशाविषयी वेगवेगळ्या भाषांत झालेले संशोधन घोणसाच्या एकाच शास्त्रीय नावाखाली शोधता येते.

विदर्भातील इतर उदाहरणे

नागपूर येथील धर्मोपदेशक व भूशास्त्राचे अभ्यासक स्टीफन हिस्लॉप यांच्या नावावरून हेन्री जॉन कार्टर यांनी १८५८ मध्ये गोड्या पाण्यातील सूक्ष्म वसाहती प्राण्याला *हिस्लॉपिया लॅकस्ट्रिस* हे नाव दिले.

मेळघाटात आढळणाऱ्या रानपिंगळ्याचे *ब्लेविटाय* हे विशेषक ॲलन ह्यूम यांनी १८७३ मध्ये नमुना मिळवणाऱ्या ब्लेविट यांच्या सन्मानार्थ योजले. शंभराहून अधिक वर्षे बेपत्ता मानला गेलेला हा पक्षी १९९७ मध्ये शहाद्याजवळ पुन्हा आढळला. त्याला *हेटरोग्लॉक्स* या स्वतंत्र प्रजातीत ठेवावे की *अथीनी* प्रजातीत, याविषयी मतभेद झाले. परंतु दोन्ही पक्षी *ब्लेविटाय* हे पद कायम राहिले.

चंद्रपूर जिल्ह्यातील डोंगरगाव येथील डायनासोरचे नाव १९९७ मध्ये अमेरिकी जीवाश्मशास्त्रज्ञ एडविन कोल्बर्ट यांच्यावरून *टायटॅनोसॉरस कोल्बर्टाय* असे ठेवले गेले. २००३ मध्ये त्यासाठी *इसिसॉरस* ही प्रजाती निर्माण झाली. तिच्या नावात भारतीय सांख्यिकी संस्थेच्या इंग्रजी आद्याक्षरांचा समावेश आहे. येथेही *कोल्बर्टाय* हे पद बदलले नाही.

मराठी व्यक्तींची नावे

एकोणिसाव्या शतकात मुंबई इलाख्यातील नावे बहुधा ब्रिटिश अधिकाऱ्यांची होती. जुन्नर परिसरातील शिंदळ माकुडीला डॅल्झेल यांनी १८६४ मध्ये मुंबईचे गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्यावरून *फ्रेरिया इंडिका* हे नाव दिले. ही प्रजाती आता *बुसेरोसिया* प्रजातीत समाविष्ट केली जाते आणि जातीचे नाव *बुसेरोसिया फ्रेरेइ* झाले आहे. प्रजातीचे नाव मागे पडले, तरी गव्हर्नरांचा उल्लेख जातिविशेषकात उरला.

या काळातील लक्षणीय अपवाद म्हणजे *ॲब्युटिलॉन रानडेइ* ही सह्याद्रीतील दुर्मीळ सोनघंटा. पुण्याच्या सायन्स कॉलेजातील जी. मार्शल वूड्रो व क्यू येथील ओटो श्टाफ यांनी १८९४ मध्ये हे नाव वूड्रो यांचे सहकारी ना. भि. रानडे यांच्या सन्मानार्थ दिले. वूड्रो यांचे स्वतःचे नाव महाबळेश्वरच्या *क्रायनम वूड्रोइइ* या कंदवर्गीय वनस्पतीत आहे.

रा. का. भिडे यांनी एका गवताला आपले वरिष्ठ जी. ए. गॅमी यांचे नाव दिले. पुढे भिडे यांच्याच नावावरून *भिडेया* ही गवतांची प्रजाती निर्माण झाली. पुण्याचे वनस्पतिशास्त्रज्ञ त्र्यं. शं. महाबळे यांच्या नावाने *सेरोपेजिया महाबळेइ* हे कंदीलपुष्प १९७१ मध्ये वर्णिले गेले.

प्राण्यांमध्ये मुंबईच्या सालिम अली यांचे नाव *लॅटिडेन्स सालिमअलिइ* या फळे खाणाऱ्या वटवाघळाला १९७२ मध्ये मिळाले. आंबोलीच्या देवगांडुळाला २००३ मध्ये जे. सी. डॅनियल यांच्यावरून *गेजेनिओफिस डॅनिएली* हे नाव दिले गेले. हे नाव देणाऱ्यांपैकी वरद गिरी यांचे नाव पुढे *निमास्पिस गिरिइ* व *सिर्टोडॅक्टिलस वरदगिरिइ* या पालींना मिळाले. कोयना परिसरातील *बोइगा ठाकरेयी* हा साप २०१९ मध्ये तेजस ठाकरे यांच्या नावाने प्रसिद्ध झाला.

व्यक्तिनामाऐवजी स्थानिक भाषेतील शब्द वापरण्याचीही प्रथा आहे. २०१६ मध्ये निर्माण झालेल्या *सरडा* या प्रजातीचे नाव थेट मराठीतून घेतले आहे. याच प्रजातीतील *सरडा डार्विनी* या नावात मराठी शब्द आणि चार्ल्स डार्विन यांचे नाव एकत्र आले आहेत.

वाद

व्यक्तिगौरवपर नावांवर मुख्यतः दोन आक्षेप घेतले जातात. पहिला असा की अशा नावातून सजीवाचे रूप, अधिवास किंवा गुणधर्म यांविषयी काहीही कळत नाही. यावर असे उत्तर दिले जाते की एकमेकींसारख्या दिसणाऱ्या पालींसारख्या गटांत वर्णनात्मक शब्द अपुरे पडतात.

दुसरा आक्षेप नैतिक आहे. वसाहतकालीन नावांत सत्ताधाऱ्यांचे प्रमाण मोठे आहे आणि काही नावे निंद्य व्यक्तींची आहेत. स्लोव्हेनियातील गुहांत राहणाऱ्या एका भुंगेऱ्याला १९३७ मध्ये *अनॉफ्थॅल्मस हिटलेरी* हे नाव दिले गेले. ते नाव अद्याप वैध आहे. नावाच्या आकर्षणामुळे संग्राहक या भुंगेऱ्याचे नमुने मिळवू पाहतात.

प्राणिनामांच्या आंतरराष्ट्रीय आयोगाने २०२३ मध्ये नैतिक कारणांसाठी जुनी नावे बदलण्यास विरोध दर्शवला. नावांचे स्थैर्य ढळल्यास शास्त्रीय व्यवहारात गोंधळ होईल, अशी आयोगाची भूमिका आहे. वनस्पतिशास्त्रज्ञांनी २०२४ च्या माद्रिद परिषदेत वेगळा मार्ग घेतला. आफ्रिकी लोकांसाठी अपमानकारक असलेल्या शब्दावरून घडलेली विशेषके बदलण्याचा निर्णय तेथे झाला.

जुनी नावे बहुतांशी कायम राहणार असल्याने निवडीचे खरे स्वातंत्र्य नव्या नावांपुरतेच उरते. प्रारूप नमुना शोधण्यास मदत करणारे वाटाडे, वनमजूर आणि स्थानिक जाणकार यांचा उल्लेख अनेकदा केवळ आभारप्रदर्शनात होतो. जातीच्या नावात त्यांना स्थान द्यायचे की नाही, हे नाव प्रसिद्ध करणाऱ्या लेखकांवर अवलंबून असते.

हेही पाहा

- द्विनाम पद्धती
- कार्ल लिनेयस
- टिपेश्वर अभयारण्य
- पैनगंगा अभयारण्य
- रानपिंगळा