दोन कात्र्या

१९९३ साली मी लातूरला बी.ए. करत होतो. ३० सप्टेंबरच्या पहाटे किल्लारी हादरली आणि पुढचे कितीतरी दिवस आम्ही पोरं ढिगारे उपसण्यात, धान्याची पोती उतरवण्यात होतो. त्याच नोव्हेंबरात अयोध्येकडे लालदास नावाच्या पुजाऱ्याचा खून झाला. ती बातमी माझ्यापर्यंत पोचलीच नाही.

काही वर्षांनी नांदेडला मित्राच्या घरी आनंद पटवर्धनांचा ‘राम के नाम’ पाहिला. १९९२ चा माहितीपट. त्यात हेच लालदास, रामजन्मभूमीचे न्यायालयाने नेमलेले पुजारी, शांतपणे सांगतात की हा सगळा खटाटोप मतांसाठी आणि पैशासाठी आहे. बाबरी पडल्यापासून आमच्या घरात दारं लवकर लागत. मी म्हणालो, ‘या बाबांना एकदा भेटून यायला पाहिजे.’ मित्र म्हणाला, ‘आता कुठले भेटतात? त्यांना मारलं की.’

पटवर्धन १९५० चे, मुंबईचे. कुणा निर्मात्याच्या पैशावर अवलंबून नाहीत. दिग्दर्शन त्यांचं आणि संकलनही बहुधा त्यांचंच. बिहार आंदोलनावरचा ‘क्रांती की तरंगें’ त्यांनी आणीबाणीत तुकडे करून, वेगवेगळ्या माणसांच्या हाती परदेशी पाठवला आणि कॅनडात पुन्हा जोडला! दुसरी कात्री सरकारची. अणुचाचण्यांनंतरच्या उपखंडावर २००२ साली ‘जंग और अमन’ केला, तेव्हा सेन्सॉरच्या काटछाटी २१ वर गेल्या. ते मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि २००३ साली एकही काप न देता चित्रपट सोडवला. दूरदर्शनशीही ते असेच कोर्टात भांडत राहिले. त्यात किती वर्षं गेली, याचा हिशोब कुणी मांडत नाही.

‘जय भीम’ म्हणण्याची किंमत आम्हा नांदेडकरांना टेंभुर्णीच्या पोचीराम कांबळेंपासून, १९७८ पासून ठाऊक आहे. म्हणून ‘जय भीम कॉम्रेड’ मला परका वाटला नाही. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरेंनी गळफास घेतला. पटवर्धनांच्या १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये गायलेले तेच हे घोगरे. पटवर्धनांनी कॅमेरा उचलला, आणि चित्रपट पुरा झाला २०११ मध्ये. चौदा वर्षं! कोर्टातला खटला रेंगाळत होता, तसा चित्रपटही थांबून होता.

लांबी तीन तासांच्या वर. मधे मी चुळबुळलो, खोटं कशाला बोलू? गझलेतला एखादा शेर काढताना माझा हात थरथरतो, पण काढतो. इथे गाणी मात्र लांबच्या लांब ठेवली आहेत. वस्तीतल्या बाया गातात, पोरं गातात, आणि जुन्या फितीतले घोगरेही पुन्हा गातात.