नारंगीच्या रसातील मांसगोळे : बगदाद, कल्याणी आणि नावांचे प्रवास

इ.स. 1226 मध्ये बगदाद येथे मुहम्मद इब्न अल-हसन अल-बगदादी या लेखनिकाने ‘किताब अल-तबीख’ हा पाकग्रंथ सिद्ध केला. अब्बासी खिलाफतीच्या अखेरच्या पर्वातील हा ग्रंथ होय. त्यानंतर 32 वर्षांनी, 1258 मध्ये, मंगोलांनी बगदाद उद्ध्वस्त केले. ग्रंथाच्या आरंभी आंबट पदार्थांचे प्रकरण आहे आणि त्यात ‘नारंजिय्या’ नावाची एक कृती आहे. चरबीदार मांसाचे मध्यम तुकडे पाण्यात शिजत ठेवावेत, वर येणारा फेस काढून टाकावा, मीठ घालावे. कांदा, लीक ही कांद्याच्या जातीची पातीभाजी आणि गाजराचे लांब तुकडे त्यात सोडावेत. जिरे, धने, दालचिनी, मिरी, सुंठ आणि मस्तकी हा सुगंधी डिंक बारीक करून पुदिन्याच्या पानांसह घालावा. तांबडे मांस मसाल्यासह बारीक करून त्याचे मध्यम आकाराचे गोळे वळावेत. मग नारिंगे सोलून, आतील पांढरी साल काढून, रस पिळावा व गाळून भांड्यात ओतावा. शेवटी भिजवून वाटलेल्या बियांचे दूध घालून रस दाट करावा. कृतीच्या मध्यभागी एक सूचना येते. नारिंगे एकाने सोलावीत आणि दुसऱ्याने पिळावीत. सालीतील कडू तेल सोलणाऱ्याच्या हाताला लागते. त्याच हाताने फळ पिळले तर कडवटपणा रसात उतरतो. सूचनेमागे स्वयंपाकघरातील अनुभव आहे हे उघड आहे.

येथील नारंगी म्हणजे नागपूरचे गोड संत्रे नव्हे. ती आंबट-कडू नारंगी होय. अल-मसऊदी हा दहाव्या शतकातील इतिहासकार सांगतो की नारंगीचे झाड हिजरी 300 नंतर, म्हणजे इ.स. 912 नंतर, हिंदुस्थानातून आणले गेले. ते प्रथम ओमानमध्ये लावले गेले, तेथून बसरा, इराक आणि शाम असे पुढे गेले. त्याच्या मते मूळ भूमीतील हवा, माती आणि पाणी न लाभल्याने फळाचा तेथला गंध व रंग मात्र नव्या देशात उरला नाही. ही तक्रार वाचताना परदेशी स्थायिक झालेल्या मंडळींची आंब्याविषयीची तक्रार आठवल्यावाचून राहत नाही. अल-बगदादीच्या काळापर्यंत या फळाला इराकात तीन शतके लोटली होती. बगदादच्या स्वयंपाक्याला ते पाहुणे वाटण्याचे कारण उरले नव्हते.

फळाबरोबर नावही गेले. संस्कृत ‘नारंग’, फारसी ‘नारंग’, अरबी ‘नारंज’, स्पॅनिश ‘नारांहा’ ही साखळी परिचित आहे. फ्रेंच आणि इंग्रजीपर्यंत पोहोचताना आरंभीचा ‘न’ वाटेत गळाला. संस्कृतातही हा शब्द द्राविडी भाषांतून आला असावा असे बहुतेक अभ्यासक मानतात. मराठीतील ‘नारिंग’ आणि ‘नारंगी’ या एकाच शब्दाच्या दोन अवस्था आहेत. पुढे पोर्तुगीजांनी गोड जातीची नारंगी भूमध्यसागरी प्रदेशात रुजवली तेव्हा अरबीने तिला ‘बुर्तुकाल’, म्हणजे पोर्तुगालची, म्हटले. पूर्वेकडून आलेल्या फळाला पश्चिमेकडील देशाचे नाव मिळाले. नाव फळाचा अखेरचा व्यापारी सांगते, जन्मभूमी सांगतेच असे नाही. पुढील विवेचनात हा मुद्दा महत्त्वाचा ठरतो.

नारंजिय्याच्या दुसऱ्या अर्ध्याचा, म्हणजे मांसाच्या गोळ्यांचा, इतिहास अधिक गुंतागुंतीचा आहे. ‘कोफ्ता’ हा शब्द फारसी ‘कूफ्तन’ (कुटणे) या धातूवरून आलेला, अर्थ ‘कुटलेले’. अल-बगदादीच्या ग्रंथात ‘मुदक्कका’ या नावाचा पदार्थ आहे. तोही अरबीतील कुटण्याच्या धातूवरूनच बनलेला शब्द. हिंदुस्थानी भाषांत ‘कोफ्ता’ आणि ‘खिमा’ हे दोन्ही शब्द फारसीच्या वाटेने आले. पैकी ‘खिमा’च्या मुळाशी बारीक कापण्याचा अर्थ असलेला तुर्की धातू आहे. म्हणजे एका शब्दात उखळी आहे, दुसऱ्यात सुरी. मराठी बोलणारा दोन्ही शब्द सहज वापरतो आणि दोन्ही हत्यारे विसरलेला असतो.

या व्युत्पत्तींवरून एक निष्कर्ष वारंवार काढला जातो. शब्द फारसी, तेव्हा पदार्थही परका. मांस कुटून गोळे वळण्याची कला सुलतानी अमलाबरोबर येथे आली, असे सांगितले जाते. हा निष्कर्ष ग्रंथांच्या साक्षीपुढे टिकत नाही.

सुश्रुतसंहितेच्या सूत्रस्थानातील अन्नपानविधीत ‘वेसवार’ या पदार्थाचे लक्षण दिले आहे. हाडे काढलेले मांस शिजवावे, पुन्हा पाट्यावर वाटावे, त्यात पिंपळी, सुंठ, मिरी, गूळ आणि तूप घालून एकत्र शिजवावे. वाटलेले मांस, तिखट मसाला आणि गूळ असा हा गोड-तिखट संयोग आहे. त्याच परंपरेत ‘रागषाडव’ या नावाने फळांचे आंबटगोड, मसालेदार पातळ पदार्थही येतात. दोन्ही गोष्टी एका पात्रात आल्याचा दावा त्या आधारे करता येणार नाही. पण दोन्ही एकाच वैद्यकीय विचारात, पचन आणि रुची यांच्या संदर्भात, शेजारी शेजारी नांदत होत्या एवढे निश्चित.

‘वेसवार’ या शब्दाचे पुढे काय झाले, हा भाग मराठी अभ्यासकाला विशेष उद्बोधक वाटावा. मराठी घरांत ‘वेसवार’ किंवा ‘येसवार’ म्हणजे भाजून कुटलेली मसाल्याची पूड. आमटीत, भाजीत ती चिमूटभर पडते. संस्कृतातही हा शब्द मसाल्याच्या मिश्रणासाठी येतोच. मराठीने तेवढाच अर्थ राखला आणि मांस गाळले. ज्या स्वयंपाकघरांत मांसाचे नावही उच्चारले जात नाही, तेथे मांसाच्या एका प्राचीन कृतीचे नाव बरणीवर टिकून राहिले आहे. वस्तू गेली, नाव राहिले. कोफ्त्याच्या बाबतीत उलट घडले. वस्तू आधीपासून होती, नाव मागाहून आले.

ती वस्तू आधीपासून होती याची ठळक साक्ष ‘मानसोल्लास’ किंवा ‘अभिलषितार्थचिंतामणी’ हा ग्रंथ देतो. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने तो 1130 च्या सुमारास रचला. पाच विंशती आणि शंभर अध्याय असा त्याचा विस्तार. तिसऱ्या विंशतीतील अन्नभोग या अध्यायात मांसाच्या अनेक कृती आहेत, आणि त्यांत मांस बारीक करून, हिंग आदी मसाल्यांनी संस्कारून, गोळे वळण्याची कृतीही आहे. ते गोळे तेलात तळले जातात. वांगे आतून पोखरून त्यात मांस भरण्याचीही पद्धत आहे. दिल्लीला सुलतानी स्थापन होण्यापूर्वी पाऊणशे वर्षांहून अधिक काळ आधीचा हा मजकूर आहे, आणि तो दख्खनच्या मध्यभागी लिहिला गेला.

मात्र येथे दुसऱ्या टोकाच्या मोहापासूनही सावध राहिले पाहिजे. मानसोल्लासाच्या आधारे कोफ्ता ‘मूळ भारतीय’ ठरवणे हे त्याला परका ठरवण्याइतकेच घाईचे आहे. सोमेश्वराचे गोळे नारंगीच्या रसात शिजत नाहीत, आणि बगदादचा लेखनिक कल्याणीच्या राजाचा ग्रंथ वाचत नव्हता. मांस कठीण असते, दात सर्वांचे सारखे चांगले नसतात, आणि उखळ किंवा पाटा सर्वत्र असतो. एवढ्या कारणांवर अनेक समाजांनी मांस स्वतंत्रपणे कुटले असणे अगदी शक्य आहे. तौलनिक साहित्याभ्यासात प्रभाव आणि समांतरता यांचा जो जुना वाद आहे, तो या लहानशा पदार्थात जसाच्या तसा सापडतो. नारंगीच्या बाबतीत प्रभाव सिद्ध करता येतो, कारण झाड स्वतः चालत जात नाही. ते कोणीतरी न्यावे लागते, आणि अल-मसऊदीने तो मार्ग नोंदवून ठेवला आहे. गोळ्याच्या बाबतीत असा मार्ग नाही. एकाच पदार्थाच्या दोन घटकांना दोन वेगळ्या पद्धतींनी तपासावे लागते.

समांतरतेचा आणखी एक, अधिक खोल, स्तर या दोन ग्रंथांत आहे. अल-बगदादी आपल्या प्रस्तावनेत सुखांचे सहा वर्ग सांगतो : अन्न, पेय, वस्त्र, रतिसुख, गंध आणि नाद. त्यांत अन्न श्रेष्ठ, असे त्याचे मत. सोमेश्वराच्या तिसऱ्या विंशतीतही गृह, स्नान, तांबूल, विलेपन, वस्त्र, माल्य, भूषण अशा वीस उपभोगांच्या रांगेत अन्नभोग येतो. दोन्ही ठिकाणी पाककृती ही भोगांच्या वर्गीकरणाचा भाग म्हणून वाङ्मयात प्रवेश करते. स्वयंपाकाला लेखनात स्थान मिळावे यासाठी त्याला प्रथम सुखाच्या शास्त्रात स्थान मिळावे लागले. फरक असा, की कल्याणीचा राजा राजाने कसे भोगावे हे सांगतो. अन्न त्याच्यासाठी वैभवाचा एक अध्याय आहे. बगदादचा लेखनिक सुखांची क्रमवारी लावतो आणि स्वतःची आवड उघडपणे सांगतो. त्याच्या गद्यात पातेल्याची वाफ अधिक जाणवते, हे मान्य करावे लागेल.

पश्चिमेकडे या पदार्थाला एक विनोदी वळण मिळाले. 1390 च्या सुमारास इंग्लंडचा राजा दुसरा रिचर्ड याच्या स्वयंपाक्यांनी संकलित केलेल्या ‘फोर्म ऑफ क्यूरी’ या ग्रंथात ‘सोनेरी सफरचंदे’ अशा अर्थाच्या नावाची कृती आहे. ती फळे नसून अंड्याचा सोनेरी लेप दिलेले मांसाचे गोळे आहेत. अरबी पाकपरंपरेशी त्यांचे नाते जोडण्याचे प्रयत्न अभ्यासकांनी केले आहेत. ते नाते मानले तर फळाचा रस वाटेत आटला आणि गोळ्यानेच फळाचे सोंग घेतले, असे म्हणावे लागते.

हिंदुस्थानात मात्र दोन परंपरा प्रत्यक्ष एका पानावर आल्या, त्या माळव्यात. मांडूचा सुलतान गियासशाह (कारकीर्द 1469–1500) आणि त्याचा पुत्र नासिरशाह यांच्यासाठी तयार झालेले ‘निमतनामा’ हे सचित्र हस्तलिखित फारसीत आहे, पण पदार्थांची नावे पाहिली तर हिंदवी शब्द पदोपदी भेटतात. नोरा टिटली यांचा इंग्रजी अनुवाद 2005 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातील समोशाच्या एका कृतीत शिजवलेल्या खिम्यात गुलाबपाण्यात वाटलेले केशर आणि वांग्याचा गर मिसळला जातो. केशर-गुलाबपाणी इराणी रुचीचे, तर वांगे आणि बारीक केलेले मांस ही जोडी कल्याणीच्या अन्नभोगातही भेटते. मांडूच्या स्वयंपाक्याला यातले आपले कोणते आणि परके कोणते हा प्रश्न पडला असेल असे वाटत नाही. तो प्रश्न नंतरच्या वाचकांचा आहे.

सोळाव्या शतकात समुद्रमार्गे फळांची दुसरी लाट आली. दक्षिण अमेरिकेतील तुपी भाषेतला शब्द पोर्तुगीजांच्या तोंडून ‘अननस’ होऊन हिंदुस्थानच्या किनाऱ्यावर उतरला आणि मराठीने तो जसाच्या तसा घेतला. अबुल फज्लच्या ‘आईन-इ-अकबरी’त अननसाचे ‘कटहल-इ-सफरी’, म्हणजे प्रवासी फणस, असे नाव येते. रोप कुंडीत घालून प्रवासात नेता येते म्हणून ते पडले, असे कारणही दिले आहे. जहांगीर हे फळ फिरंग्यांच्या बंदरांतले असल्याचे लिहितो आणि आग्र्याच्या गुलअफशान बागेत दरवर्षी ती हजारोंनी पिकतात असे सांगतो. अननस घालून केलेल्या आंबटगोड कोफ्त्यांना आज कोणी ‘मुघलाई’ म्हणतो, कोणी ‘काँटिनेंटल’. दोन्ही विशेषणे सारखीच सैल आहेत.

या सर्व संहितांचे आधुनिक काळातील पुनरागमनही नोंदवण्याजोगे आहे. अल-बगदादीचा ग्रंथ दाऊद चेलेबी यांनी 1934 मध्ये मोसूल येथे प्रसिद्ध केला. ए. जे. आर्बेरी यांचा इंग्रजी अनुवाद 1939 मध्ये ‘इस्लामिक कल्चर’ या त्रैमासिकात आला. हे त्रैमासिक हैदराबाद (दख्खन) येथून निघत असे. सोमेश्वराची कल्याणी, म्हणजे बिदर जिल्ह्यातील आजचे बसवकल्याण, त्या वेळी त्याच हैदराबाद संस्थानात होती. आणि मानसोल्लासाचा अन्नभोग असलेला दुसरा खंड बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत गजानन कुशाबा श्रीगोंदेकर यांच्या संपादनाखाली याच 1939 साली निघाला. एका वर्षात, दोन देशी संस्थानांच्या आश्रयाने, बगदादचे आणि कल्याणीचे मांसगोळे छापील रूपात वाचकांपुढे आले. योगायोगाला यापेक्षा अधिक अर्थ देण्याचे कारण नाही. पण तुलनेची सामग्री बगदाद किंवा लंडनऐवजी हैदराबाद आणि बडोदा येथे एकत्र मिळू शकत होती, ही गोष्ट या देशातील तौलनिक अभ्यासाच्या इतिहासात नोंदली जावी.

राहिला कुटण्याचा प्रश्न. ‘कूफ्तन’, ‘मुदक्कका’, सुश्रुताचे पाट्यावर वाटणे : तीन भाषांनी हा पदार्थ ओळखला तो कुटण्या-वाटण्याच्या श्रमावरून. पण हा श्रम कोण करते, हे कृती बहुधा सांगत नाही. संस्कृत कृतींत विध्यर्थी क्रियापद असते, कर्ता नसतो. नारंजिय्यातील सोलणारा आणि पिळणारा ही दोन माणसे म्हणूनच एकाएकी लक्ष वेधून घेतात. पदार्थ कडू होऊ नये म्हणून का होईना, लेखनिकाला त्यांना वेगळे उभे करावे लागले. सोमेश्वराच्या अन्नभोगात अशी माणसे दिसत नाहीत. ती त्याच ग्रंथात दुसरीकडे, चौथ्या विंशतीतील गीतविनोदात, भेटतात. महाराष्ट्रातील स्त्रिया कांडताना ओवी गातात, असे तेथे नोंदले आहे, आणि मराठी वाङ्मयेतिहासात ओवीचा प्राचीन उल्लेख म्हणून त्या ओळीचा हवाला नेहमी दिला जातो. त्या कांडत होत्या ते धान्य. राजाच्या मुदपाकखान्यात मांस कोण कुटत होते आणि त्या वेळी काही गात होते का, हे अन्नभोग सांगत नाही. गीतविनोद असलेला तिसरा खंड 1961 मध्ये, अन्नभोगाच्या खंडानंतर 22 वर्षांनी, छापला गेला.