कानपूरची आज्ञावली

डेटावरून प्रतिरूप घडवणाऱ्या विद्यार्थ्यापुढे आज एक नेहमीचा पेच असतो. प्रतिरूप अचूक करावे तर ते जड होते आणि हलके ठेवावे तर अचूकता घटते. अशा वेळी तो एखादी तयार सॉफ्टवेअर लायब्ररी उघडतो, दोन्ही उद्दिष्टे तिच्यापुढे मांडतो आणि एका उत्तराऐवजी उत्तरांची एक माळच हाती घेतो. त्या लायब्ररीच्या पोटात बहुधा ‘एनएसजीए-२’ नावाची पद्धत काम करीत असते. ती कानपूरच्या भारतीय तंत्रज्ञान संस्थेत जन्मली, हे मात्र वापरणाऱ्यांपैकी अनेकांना ठाऊक नसते. तिचा इतिहास जितका एका कल्पनेचा आहे, तितकाच ती कल्पना इतरांच्या हाती चालत्या स्थितीत सोपवण्याचा आहे.

उत्क्रांतीचे तत्त्व गणनेत आणण्याचे प्रयत्न १९६०च्या दशकात बर्लिनमध्ये रेशेनबर्ग व श्वेफेल यांनी आणि अमेरिकेत मिशिगन विद्यापीठात जॉन हॉलंड यांनी स्वतंत्रपणे चालवले होते. हॉलंड यांचा मूलभूत ग्रंथ १९७५ साली आला. उत्तरांचा एक समुदाय घ्यायचा, त्यांतील सरस उत्तरांचा संकर करायचा, थोडे उत्परिवर्तन घडवायचे आणि पिढ्यान्‌पिढ्या हे चक्र चालू ठेवायचे, ही मूळ कल्पना. तिचा प्रसार मात्र ग्रंथांइतकाच आज्ञावल्यांनी केला. १९८०च्या दशकात जॉन ग्रेफेनस्टेट यांची ‘जेनेसिस’ ही सी भाषेतील प्रणाली संशोधकांच्या हाती फिरू लागली. हॉलंड यांचे शिष्य डेव्हिड गोल्डबर्ग यांनी १९८९च्या आपल्या पाठ्यपुस्तकात पास्कल भाषेतील संपूर्ण आज्ञावलीच छापली. वाचकाने ती टंकित करावी आणि चालवून पाहावी, अशी सोय त्या पुस्तकाने करून दिली.

मात्र या पद्धती एका वेळी एकच उद्दिष्ट साधत. प्रत्यक्षात अभियंत्याला तुळई हलकीही हवी असते आणि वाकायलाही नको असते. डेव्हिड शॅफर यांनी १९८५च्या सुमारास अनेक उद्दिष्टांसाठी पहिली जनुकीय पद्धत मांडली. पण तीत एखाद्या टोकाला असलेली उत्तरे तगत आणि मधली, समतोल साधणारी उत्तरे गळून पडत. गोल्डबर्ग यांनी आपल्या पुस्तकात एक सूचना केली होती. एक उत्तर कोणत्याच बाबतीत दुसऱ्याहून वाईट नसेल आणि किमान एका बाबतीत सरस असेल, तर ते दुसऱ्याला हरवते असे मानावे. ज्यांना कोणीच हरवत नाही, त्यांचा पहिला थर करावा. तो बाजूला काढून उरलेल्यांतून दुसरा थर करावा आणि असेच पुढे जावे. ही सूचना अवघ्या काही ओळींची होती. तिला चालते रूप देणे बाकी होते.

गोल्डबर्ग यांच्या मार्गदर्शनाखाली अलाबामा विद्यापीठात १९९१ साली डॉक्टरेट मिळवलेले कल्याणमय देब १९९३ मध्ये आयआयटी कानपूरच्या यंत्र अभियांत्रिकी विभागात रुजू झाले. एन. श्रीनिवास यांच्यासह त्यांनी ही सूचना प्रत्यक्षात उतरवली आणि १९९४ साली ‘एनएसजीए’ प्रसिद्ध झाली. पुढे कानपूर जेनेटिक अल्गोरिदम्स लॅबोरेटरी, म्हणजेच ‘कॅनगॅल’, ही त्या कामाची ओळख ठरली.

या पहिल्या पद्धतीवर तीन आक्षेप घेतले गेले, आणि तिन्ही रास्त होते. ती संथ होती. हाती आलेले उत्तम उत्तर पुढच्या पिढीत टिकेल याची तीत हमी नव्हती. आणि उत्तरांमध्ये किती अंतर राखावे, हे वापरणाऱ्याला आधीच एका अंकाने सांगावे लागे. तो अंक चुकला की सारे निष्कर्ष बिघडत. दरम्यान ज्यूरिखमध्ये झित्झलर व थीले यांनी आणि ब्रिटनमध्ये नोल्स व कॉर्न यांनी उत्तम उत्तरे जपणाऱ्या पद्धती पुढे आणल्या. स्पर्धा चुरशीची होती.

देब यांनी अमृत प्रताप, समीर अगरवाल व टी. मेयारिवन यांच्यासह दिलेले उत्तर प्रथम २००० साली एका परिषदेत आणि पुढे एप्रिल २००२ मध्ये आयईईईच्या उत्क्रांती-संगणनविषयक नियतकालिकात प्रसिद्ध झाले. त्याने तिन्ही आक्षेपांचा एकेक करून निकाल लावला. प्रत्येक उत्तराला किती जण हरवतात आणि ते स्वतः कोणाकोणाला हरवते, याची नोंद एकदाच करून ठेवली. त्यामुळे थर पाडताना त्याच तुलना पुन्हा पुन्हा कराव्या लागेनात. दोन उद्दिष्टे आणि १०० उत्तरांचा समुदाय घेतला, तर जुन्या रीतीने सर्वांत वाईट स्थितीत ठोकळमानाने २० लाख तुलना होत. नव्या रीतीने त्या २० हजारांच्या घरात आल्या. त्यासाठी स्मृती अधिक खर्ची पडली, वेळ मात्र वाचला. उत्तम उत्तरे जपण्यासाठी आईबाप आणि अपत्ये यांना एकाच रांगेत उभे करून त्यांतील सरस अर्धे निवडले. आणि अंतराचा तो त्रासदायक अंक पूर्णपणे काढून टाकला. त्याऐवजी दोन्ही बाजूंचे शेजारी किती दूर आहेत, यावरून प्रत्येक उत्तराभोवतीची गर्दी मोजली. विरळ वस्तीतील उत्तराला प्राधान्य मिळाले आणि माळ सर्वत्र सारखी पसरली.

एवढ्यावर पद्धत गाजली असती का? सरस कल्पना इतरांकडेही होत्या. कानपूरच्या प्रयोगशाळेने आपली सी भाषेतील आज्ञावली संकेतस्थळावर विनामूल्य ठेवली, ही गोष्ट निर्णायक ठरली असे मला वाटते. वापरणाऱ्याने आपला प्रश्न एका स्वतंत्र फाइलीत लिहायचा. बाकीच्या यंत्रणेला हात लावण्याची गरज नव्हती. जे लेखात संक्षेपाने येते, ते तेथे उघडे होते. उदाहरणार्थ, संकर करताना प्रत्येक चलासाठी जणू नाणे उडवून, तो चल संकरात घ्यायचा की नाही हे ठरवले जाते. असा बारकावा आज्ञावलीत एका ओळीत दिसतो आणि निष्कर्षांवर त्याचा परिणाम होतो. नवी पद्धत मांडणाऱ्या प्रत्येकाला तुलनेसाठी एक भरवशाचे, चालते माप मिळाले.

मग तिची भाषांतरे झाली, माणसांच्या नव्हे तर संगणकाच्या भाषांत. स्पेनमधील मालागा विद्यापीठाच्या ‘जेमेटल’ने ती जावामध्ये आणली, कॅनडातील लाव्हाल विद्यापीठाच्या ‘डीप’ने पायथनमध्ये. मॅटलॅबमधील बहुउद्दिष्ट जनुकीय साधन तिच्याच एका रूपावर उभे आहे. जपानमध्ये घडलेल्या ‘ऑप्टुना’ला डेटा-प्रतिरूपासाठी एकाहून अधिक उद्दिष्टे दिली आणि दुसरे काही सांगितले नाही, तर दीर्घकाळ आपोआप निवडली जाणारी पद्धत हीच होती.

मिळालेल्या उत्तरांच्या माळेलाही देब यांनी डेटा मानले. २००६ साली अरविंद श्रीनिवासन यांच्यासह त्यांनी असा प्रश्न विचारला, की उत्तम ठरलेल्या सर्व रचनांमध्ये समान असे काय आहे? त्या रचनांच्या आकड्यांतून संबंध शोधले, तर अभियंत्याला एका रचनेऐवजी रचनेचा नियमच हाती लागू शकतो. येथे उत्क्रांती-संगणन आणि डेटा-प्रतिरूपण एकमेकांना येऊन मिळतात.

पद्धतीच्या मर्यादा लपवण्याचे कारण नाही. उद्दिष्टे तीनापलीकडे गेली की जवळजवळ प्रत्येक उत्तर कोणत्या ना कोणत्या बाबतीत सरस ठरते. मग सगळेच पहिल्या थरात येतात आणि निवड लंगडी पडते. २०१४ मध्ये देब व हिमांशू जैन यांनी आधी ठरवलेल्या संदर्भबिंदूंचा आधार घेणारी ‘एनएसजीए-३’ मांडली, ती याच कारणाने. देब २०१३ पासून अमेरिकेतील मिशिगन स्टेट विद्यापीठात आहेत. तेथे ज्युलियन ब्लँक यांच्यासह त्यांनी घडवलेली ‘पायमू’ ही मुक्त लायब्ररी २०२० साली प्रसिद्ध झाली. त्याआधी कानपूरमध्ये असताना त्यांना २००५ चा शांतिस्वरूप भटनागर पुरस्कार आणि २०११ चा इन्फोसिस पुरस्कार मिळाला होता.

पुरस्कार शोधाला मिळतो, लेखाची गणना उद्धरणांनी होते. पण आज्ञावली नीट लिहिणे, तिच्यातील दोष काढणे आणि ती वर्षानुवर्षे चालती ठेवणे, या श्रमांना आपल्या संशोधनव्यवस्थेत अजून पुरेसे मोल नाही. आयआयटीतील एका प्रयोगशाळेचे काम जगभर पोहोचले, ते कोणालाही उघडून पाहता व चालवता येत होते म्हणूनही. तयार लायब्ररीतील एका ओळीवर विसंबणाऱ्या विद्यार्थ्याने म्हणूनच एकदा तरी तिचे आतले पान उघडावे: थर कसे पडतात, गर्दी कशी मोजली जाते आणि आपल्या प्रश्नाची उद्दिष्टे किती आहेत, हे पाहावे. मिळालेल्या माळेतील कोणता मणी निवडायचा, हे तर शेवटी त्यालाच ठरवायचे असते.