फाळके, वाटाण्याचं रोप आणि आपला लांडगा

बारामती-इंदापूरच्या माळावर लांडगा टिपायला हल्ली बरेच कॅमेरे येतात. म्हणून आज एक जुनी हकिगत सांगतो.

दादासाहेब फाळके म्हटलं की आपल्याला ‘राजा हरिश्चंद्र’ आठवतो. ३ मे १९१३, गिरगावातलं कॉरोनेशन. पण त्याच्या आधीच्या वर्षी लंडनहून कॅमेरा आणल्यावर फाळक्यांनी काय टिपलं? कुंडीतलं वाटाण्याचं रोप! कॅमेरा हलवायचा नाही. रोज थोडी थोडी चित्रं घ्यायची. कित्येक दिवसांची वाढ पडद्यावर मिनिटभरात दिसली. ती फिल्म पाहून यशवंतराव नाडकर्णी भांडवल द्यायला तयार झाले. म्हणजे हरिश्चंद्राच्या आधी आपल्याकडे निसर्गपट होता, आणि हरिश्चंद्र उभा राहिला तो त्याच्या बळावर.

पुढे १९१७ मध्ये, चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणाऱ्या फिल्ममध्ये फाळके स्वतः कॅमेऱ्यासमोर आले. तिथे ते दिग्दर्शन करताना दिसतात, पण ते दिग्दर्शन आपल्याला दाखवण्यासाठी चाललेलं आहे. तोही अभिनयच की! त्यात खोटं काही नाही, कारण त्याला त्याची संमती आहे. रोपाला मात्र कॅमेऱ्याचा पत्ताच नव्हता. ते आपल्या गतीनं वाढलं. थांबावं लागलं ते फाळक्यांना.

हा फरक विसरला की काय होतं? डिस्नेच्या १९५८ सालच्या ‘व्हाइट विल्डरनेस’मध्ये लेमिंग नावाचे उंदरासारखे प्राणी कड्यावरून सामूहिक उड्या घेताना दिसतात. तो प्रसंग बनवलेला होता. प्राण्यांना ढकललं होतं. तरी चित्रपटाला ऑस्कर मिळालं, आणि लेमिंग आत्महत्या करतात हा समज जगभर पक्का झाला.

आता आपल्या माळावर या. लांडगीच्या बिळाजवळ गाडी नेली, तर ती पिल्लं उचलून दुसरीकडे हलवते. मग आपण जे टिपतो ते तिचं जगणं नव्हे, आपली भीती तिच्या अंगात आलेली असते. लांडगा १९७२ च्या कायद्यानं संरक्षित आहे. पण ज्या गवतावर तो जगतो, त्याला आपण अजून ‘पडीक’ म्हणतो. पडीक म्हटलं की नांगर घालायला, कारखाना उभारायला मन कचरत नाही. अशा वेळी खरी फिल्म हा त्या माळाच्या बाजूचा साक्षीदार असतो, आणि साक्षीदार पढवलेला नसावा.

तेव्हा चित्रण जरूर करा. फक्त अभिनय करायचा तर आपण करावा, जनावराकडून करून घेऊ नये. एवढंच.