सरंजामाची सनद आणि हेगचा निवाडा

दमणनजीकच्या दादरा व नगरहवेली या मुलखासंबंधीं हेग येथील आंतरराष्ट्रीय न्यायालयानें ता. १२ एप्रिल १९६० रोजीं दिलेला निर्णय कायदेपंडितांस परिचित आहे. परंतु त्या वादांत मराठी दप्तरांतील 'सरंजाम' या एका शब्दाचा अर्थ निश्चित करावा लागला, याकडे संशोधकांचें लक्ष वेधावें म्हणून हें टिपण आम्ही सादर करीत आहों.

सवाई माधवरावांच्या कारकीर्दींत, १७७९ सालीं, पुणें दरबार व फिरंगी यांचा तह झाला. त्याच्या सतराव्या कलमास अनुसरून १७८३ व १७८५ च्या सनदांनीं बारा हजार रुपये उत्पन्नाचीं गांवें फिरंग्यांस मिळालीं. १९५४ च्या जुलै-ऑगस्टांत तेथील फिरंगी अंमल उठला. दमणहून तिकडे जाण्याची वाट भारत सरकारनें अडविली, अशी फिर्याद पोर्तुगालनें १९५५ च्या डिसेंबरांत गुदरली व स्वामित्वाचा आधार म्हणून हा तह आणि या सनदा पुढें केल्या.

न्यायालयानें कलमाचे निरनिराळे पाठ ताडून पाहिले. सार्वभौमत्वासह मुलूख द्यावयाचा असतां मराठ्यांच्या इंग्रजांशीं झालेल्या तहांत तसे स्पष्ट शब्द येतात. ते येथें नाहींत. सरंजामाचा अर्थ राज्यदान असा केल्याचें एकही उदाहरण पुढें आलें नाहीं. गांवांतील बंड मोडण्याचा अधिकार फिरंग्यांस दिला होता, यावर पोर्तुगालचा भर होता. परंतु स्वतःच्याच राज्यांतील बंड मोडण्यास राजाला दुसऱ्याचा अधिकार कशास हवा? यास्तव मराठ्यांनीं दिला तो केवळ वसुलाचा हक्क होय, असें ठरलें.

तथापि वाद येथें संपला नाहीं. मराठ्यांमागून आलेल्या इंग्रजांनीं फिरंग्यांचें सार्वभौमत्व प्रत्यक्ष व्यवहारांत मान्य केलें, व पुढें भारतानेंहि तें मुकाट्यानें चालू दिलें, असें न्यायालयानें धरलें. म्हणून खाजगी माणसें, मुलकी अधिकारी व सामान्य माल यांपुरता वाटेचा हक्क ११ विरुद्ध ४ मतांनीं मान्य झाला. सैन्य व शस्त्रें यांस तो ८ विरुद्ध ७ मतांनीं नाकारला. आणि १९५४ सालीं वाट रोखण्यांत भारताकडून कर्तव्यभंग घडला नाहीं, असें ९ विरुद्ध ६ मतांनीं ठरलें.

याज्ञवल्क्यानें लिखित, भुक्ति व साक्षी हीं तीन प्रमाणें सांगितलीं आहेत. आगम भोगाहून बलवत्तर खरा. परंतु धनी पाहत असून बोलत नाहीं, तर वीस वर्षांनीं त्याची भूमि जाते, असेंहि तोच सांगतो. येथें लिखित मराठ्यांच्या बाजूचें होतें. भुक्तीला बळ आलें तें मागून आलेल्या धन्यांच्या मौनामुळें. १९७४ च्या तहानें पोर्तुगालनें भारताचें सार्वभौमत्व मान्य केलें व हा विषय मिटला.

संग्राहकांस आमची विनंती इतकीच कीं, सरंजामी सनदा व त्यांच्या नकला छापतांना शब्दास शब्द ठेवावा, पाठभेद गाळूं नयेत. ज्या शब्दास आपण नित्याचा मानून सोडून देतों, त्यावर एखाद्या मुलखाचें स्वामित्व अवलंबून असूं शकतें.