पोस्त, बलुतं आणि नवरीच्या मेकअपवालीची टिप



लग्नसराई तोंडावर आली की फोनवर एक प्रश्न हमखास येतो. "ताई, मेकअपवालीला टिप किती देऊ?" विचारणारीला आकडा हवा असतो. आकडा मी सांगेनच, पण आधी थोडं मागं जाऊ या. हा प्रश्न आपल्या आज्यांना पडलाच नसता. किती द्यायचं ते देणारीला ठाऊक होतं आणि घेणारीलाही.

माझ्या आजीचं लग्न सांगलीकडच्या एका खेड्यात झालं. पार्लर कुठलं आलंय तेव्हा! हळदीला गावची न्हावीणकाकी यायची. नवरीला न्हाऊ घालायचं, केस विंचरायचे, घट्ट वेणी घालायची, पायाला तेल चोळायचं, सगळं तीच करायची. न्हाणाच्या वेळी अंगावर असलेलं लुगडं तिचं. शिवाय सुपात तांदूळ, डाळ, गुळाचा खडा, नारळ आणि वर खण. आजी सांगायची, सूप देताना तिच्या आईनं एकदा खण विसरला, तर न्हावीणकाकी उंबऱ्यावरच बसून राहिली. भांडली नाही, मागितलं नाही. नुसती बसली. आईच्या लक्षात आलं, मग ती उठली.

आधी चुडा भरायला कासार यायचा. नवरीला हिरवा चुडा, मग घरातल्या बायका, पाहुण्या, शेजारणी. चुडा भरून झाला की नवरी त्याच्या पाया पडायची आणि तो एक बांगडी जास्तीची घालायचा, आशीर्वादाची. म्हणजे टिप दोन्ही बाजूंनी! हेही लक्षात असू द्या की आपल्या दिगंबर समाजात कासार घरं आहेत, जैन कासार. त्यामुळे सुपात धान्य ओतणारे हात आपले आणि पदर पसरणारे दुसऱ्यांचे, असं आपल्याला म्हणता येणार नाही. आपल्यातल्याच कुणाचा तरी पणजोबा बांगड्यांचा पेटारा घेऊन दारोदार गेलेला आहे.

या देण्याघेण्यामागं बलुत्याची पद्धत होती. त्रिंबक नारायण आत्र्यांचं 'गावगाडा' १९१५ साली निघालं. आमच्या वडिलांकडे त्याची एक जुनी प्रत होती. बलुतेदारांच्या तीन ओळी सांगतात. थोरल्या ओळीत सुतार-लोहार, मधल्या ओळीत कुंभार, चांभार, परीट आणि न्हावी, धाकटीत गुरव, कोळी वगैरे. गावागणिक थोडा फरक. सुगीत खळ्यावर ज्याच्या त्याच्या ओळीप्रमाणे धान्य मिळायचं, वर्षभराच्या कामाचं.

मी बी. कॉम. झालेली बाई, त्यामुळे माझं लक्ष पहिलं जातं ते खात्याकडे. बलुतं निघायचं न्हाव्याच्या नावानं. न्हावीणीचं काम त्यातच धरलेलं. हळद, न्हाणं, बाळंतिणीकडे जाणं, कशाचंही वेगळं पान नाही. मग तिच्या स्वतःच्या हातात काय पडायचं? लग्नातलं ते सूप आणि ते लुगडं, बस्स. म्हणून ती खणासाठी उंबऱ्यावर बसली असेल. लहानपणी आम्ही त्या गोष्टीला हसायचो. आता नाही हसू येत.

जुनं ते सगळं सोनं असंही समजू नका. बलुत्यात पोट भरायचं, पण नाही म्हणायची सोय नव्हती. जी घरं लग्नात बोलवायची, तीच पुढं विधवेच्या केशवपनालाही न्हाव्याला बोलवायची. ज्या मुलीची वेणी बायकोनं घातली, तिच्याच डोक्यावर नवऱ्यानं वस्तरा धरायचा. १८९० साली मुंबईत न्हाव्यांनी एकत्र येऊन हे काम आम्ही करणार नाही असं ठरवलं. पुढाकार नारायण मेघाजी लोखंडे यांचा, गिरणी कामगारांचे पुढारी आणि महात्मा फुल्यांच्या सत्यशोधक विचारांचे. हे मुंबईत सुरू झालं यात मला नवल वाटत नाही. शहरात न्हावी रोख पैसे घेऊन काम करायचा, गावच्या बलुत्याचा दोर त्याच्या गळ्यात नव्हता.

पुढं १९५३ साली मुंबई राज्यात गावाच्या सेवेसाठी दिलेली इनामं रद्द करणारा कायदा झाला. बलुत्याची गाठ हळूहळू सुटत गेली. त्याच सुमारास, १९५२ मध्ये, टाटांनी लॅक्मे काढलं. आमच्या भागात पार्लर यायला मात्र ऐंशीचं दशक उजाडलं. पहिल्यांदा एका गुजराती बाईंच्या घरातल्या मागच्या खोलीत.

सिनेमाच्या धंद्यात तर कितीतरी वर्षं बायकांना केस करायची परवानगी होती, मेकअपची नव्हती. तिथल्या संघटनेचा तसा नियमच होता. मेकअप पुरुषांचा, केशभूषा बायकांची. चारू खुराना यांनी त्याविरुद्ध लढा दिला आणि नोव्हेंबर २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तो नियम बेकायदा ठरवला. म्हणजे अगदी परवापर्यंत बाईच्या हातानं काय करायचं हे दुसरेच ठरवत होते.

आता माझी स्वतःची चूक सांगते. धाकट्या लेकीच्या लग्नात पहाटे साडेचारला मेकअपवाल्या बाई आल्या, बरोबर दोन मुली. बाईंनी चेहरा केला. केस, साडी, नववारीच्या निऱ्या, करवल्यांच्या वेण्या, माझासुद्धा अंबाडा त्या मुलींनी घातला. निघताना मी ठरलेले पैसे आणि वर एक जाड पाकीट बाईंच्या हातात दिलं, खण-नारळ दिला. फार मोठेपणा केल्यासारखं वाटलं मला. दोन महिन्यांनी त्यातली एक मुलगी बाजारात भेटली. अंबाडा टिकला का म्हणून विचारलं तिनं. बोलता बोलता कळलं, पाकिटातलं त्यांच्यापर्यंत काहीच आलं नव्हतं. तक्रार म्हणून नाही सांगितलं, मीच खोदून विचारलं. म्हणजे बलुतं पुन्हा न्हाव्याच्याच नावावर पडलं, आणि या खेपेला वही मी लिहिली होती.

म्हणून आता विचारणारीला मी सांगते की ठरलेली रक्कम मालकिणीची. ती स्वतः दर ठरवते, तिला वर टिप दिलीच पाहिजे असं नाही. खण-नारळ द्या, गोड बोला. पाकीट मदतनीस मुलींचं. प्रत्येकीचं वेगळं, तिच्या हातात, चारचौघांत आवाज न करता. पाचशे एक घरटी जमतात, आणि एवढ्या खर्चाच्या लग्नात जास्तही जमतात.

अमेरिकेतली भाची म्हणते, तिकडे पंधरा-वीस टक्के. तिकडचं गणित वेगळं आहे. टिप मिळवणाऱ्या कामगाराला मालकानं द्यायचं किमान रोख वेतन केंद्रीय कायद्यानं १९९१ पासून तासाला २.१३ डॉलरच आहे, बाकीचं टिपेतून भरून निघेल असं धरलेलं. बरीच राज्यं जास्त द्यायला लावतात, तरी मुळात टिप तिथं पगाराचाच भाग. आपण टक्क्यांची नक्कल करायचं कारण नाही.

आदिपुराणात दानाचे जे प्रकार सांगितलेत त्यांत दयादत्ती वेगळी आणि समदत्ती वेगळी. समदत्ती शास्त्रात सधर्मीयांसाठी आहे, मी शब्द जरा सैल वापरते, पंडितजींनी रागावू नये. पण पाकीट देताना हात वरून खाली येतोय की समोरासमोर, ते त्या मुलीला बरोबर कळतं.

आणि जेवणाचं बघा. रिसेप्शनचा मेकअप संपेपर्यंत सूर्य मावळतो आणि आपली स्वयंपाकघरं बंद होतात. त्या मुली दुपारपासून उभ्या असतात. त्यांची ताटं पाचलाच वाढून घ्या.

मार्गशीर्षात पुतणीचं लग्न आहे. तीन पाकिटं करून कपाटात ठेवली आहेत. वर नावं अजून घातलेली नाहीत, ती त्या मुलींना विचारून त्याच दिवशी लिहीन.